भलत्या दाराची थोरवी

बरोबर ठिकाणी अपील करणाऱ्या माणसाबद्दल मला आदर आहे, पण त्याच्याशी गप्पा मारण्यात काही राम नसतो. ग्राहक तक्रारीचा निकाल लागला, नक्कल काढली, पंचेचाळीस दिवस मोजले, राज्य आयोगात अपील दाखल केले. संपली गोष्ट. लग्नाकार्यात पंगत उठल्यावर चार माणसे कोंडाळे करून बसतात, तेव्हा हा बिचारा काय सांगणार? त्याउलट, जो निकालावर चिडून आधी त्याच जिल्हा आयोगात गेला, तिथून मेहुण्याच्या सल्ल्याने दिवाणी न्यायालयात, तिथून ‘आता थेट हायकोर्टच’ म्हणत मुंबईला, आणि दीड वर्षाने विलंब माफीचा अर्ज घेऊन राज्य आयोगाच्या खिडकीशी उगवला, त्याचे ऐकताना लोक हातातल्या पानाला चुना लावायचे विसरतात.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपल्याकडे सांगून ठेवले आहे. हा नियम शहाण्यांपुरता आहे. उरलेल्यांनी नेमकी कोणत्या कोर्टाची पायरी चढावी, याबद्दल पूर्वज काहीच बोलले नाहीत आणि बहुसंख्य समाज मार्गदर्शनाविना राहिला. ती उणीव भरून काढण्याचा हा अल्प प्रयत्न आहे.

ग्राहक संरक्षणाचा कायदा मुळात फार रूक्ष हेतूने झाला. पुण्यात १९७४ साली बिंदुमाधव जोशींनी ग्राहक पंचायतीचे काम उभे केले, हळूहळू देशभर ग्राहकाच्या बाजूने आवाज उठू लागला, आणि २४ डिसेंबर १९८६ ला कायद्यावर राष्ट्रपतींची सही झाली. सामान्य माणसाने साध्या कागदावर तक्रार लिहावी, वकील घेण्याची सक्ती नसावी, माल तपासणीला पाठवावा लागला नाही तर तीन महिन्यांत निकाल लागावा, अशी त्यामागची कल्पना. आजही मालाची किंमत पाच लाखांपर्यंत असेल तर तक्रारीला एक रुपया शुल्क पडत नाही. इतके सोपे करून ठेवल्यावर त्यात गुंता आणण्याची जबाबदारी साहजिकच जनतेवर येऊन पडली. जनतेने ती एकटीच्या बळावर पार पाडली असे मात्र म्हणता येणार नाही. संसदेने वेळोवेळी हात दिला. ते पुढे येईलच.

समजा, नाशिकच्या एका गृहस्थांची वॉशिंग मशीन तिसऱ्या धुण्याला थरथरून बंद पडली. कंपनीने माणूस पाठवला, माणसाने ‘व्होल्टेज’ असे निदान केले आणि तो गेला. गृहस्थ जिल्हा आयोगात गेले. तीन महिन्यांचा निकाल तीन वर्षांत लागला. तक्रार अंशतः मंजूर. सामनेवाल्यांनी मशीनची किंमत ३२,००० रुपये परत करावी, शारीरिक व मानसिक त्रासापोटी ५,००० रुपये आणि तक्रारीच्या खर्चापोटी ३,००० रुपये द्यावेत. असा निकाल दोन्ही बाजूंना सारखाच झोंबतो. तीन वर्षांच्या मनस्तापाची किंमत पाच हजार होते हे पाहून गृहस्थांना पुन्हा मानसिक त्रास होतो. आणि व्होल्टेजच्या दोषाबद्दल आपण का पैसे द्यायचे, हे कंपनीला कळत नाही. आता दोघांनाही दाद मागायची आहे. इथून खरी कला सुरू होते.

ज्याला दार चुकवायचे आहे त्याने बरोबर दार आधी नीट पाहून ठेवावे. नाहीतर अनवधानाने तिथेच पोचण्याचा धोका असतो. तेव्हा केवळ खबरदारी म्हणून सांगतो. २० जुलै २०२० पासून २०१९ चा नवा कायदा लागू आहे. त्याच्या कलम ४१ प्रमाणे जिल्हा आयोगाच्या आदेशावर अपील राज्य आयोगाकडे, पंचेचाळीस दिवसांत. राज्य आयोगाने मोठ्या रकमेची तक्रार स्वतःच पहिल्यांदा ऐकली असेल, तर तिच्यावर अपील दिल्लीला राष्ट्रीय आयोगाकडे, कलम ५१, तीस दिवसांत. राज्य आयोगाने अपिलात दिलेल्या निकालावर दुसरे अपीलही तिथेच, पण कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न निघत असेल तरच. तुमची मशीन खरोखर थरथरत होती की नाही, हा तसा प्रश्न नव्हे. राष्ट्रीय आयोगाने स्वतः पहिल्यांदा ऐकलेल्या तक्रारीवर अपील सर्वोच्च न्यायालयात, कलम ६७, पुन्हा तीस दिवस. एवढे पाठ करा आणि यांतल्या एकाही ठिकाणी वेळेत जाऊ नका.

भलत्या दारांत सर्वांत जवळचे आणि म्हणून सर्वांत लोकप्रिय दार म्हणजे जिथून आदेश निघाला तेच. सामनेवाले नोटीस घेत नाहीत, तारखांना येत नाहीत, एकतर्फी आदेश होतो, आणि मग ते धावत येऊन त्याच जिल्हा आयोगापुढे अर्ज देतात की आमचे ऐकून न घेता झालेला आदेश रद्द करावा. दिवाणी न्यायालयात असा अर्ज चालतो. जिल्हा आणि राज्य पातळीवर स्वतःचा आदेश असा मागे घेण्याचा अधिकारच नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली स्पष्ट केले. नव्या कायद्याने फेरविचाराची एक फट ठेवली आहे. आदेशात उघडउघड दिसणारी चूक असेल, म्हणजे ३२,००० च्या जागी ३,२०० पडले असतील, तर तीस दिवसांत ती दुरुस्त करता येते. एकतर्फी आदेश रद्द करण्याचा अधिकार मात्र एकट्या राष्ट्रीय आयोगाला दिला. तरीही हे अर्ज येत राहतात. त्यांच्यावर म्हणणे मागवले जाते, युक्तिवाद होतो, ते फेटाळले जातात, आणि तोवर अपिलाचे पंचेचाळीस दिवस शांतपणे उलटून गेलेले असतात. एकाच इमारतीत, जिनाही न चढता, इतकी प्रगती दुसऱ्या कोणत्या मार्गाने होत असेल असे मला वाटत नाही.

दिवाणी न्यायालयात ग्राहक आयोगाच्या आदेशाविरुद्ध दावा लावणारे विरळा. त्यांचा इथे नुसता आदरपूर्वक उल्लेख करतो.

उच्च न्यायालयाची गोष्ट वेगळी. राज्यघटनेचे २२६ आणि २२७ हे अनुच्छेद इतके रुंद आहेत की त्यांतून हत्ती जाईल, आणि हत्ती जायला निघतातही. ‘रिट टाकतो’ या दोन शब्दांत जी ऐट आहे ती ‘अपील करतो’ यात नाही. पण कंपन्या निव्वळ ऐटीसाठी तिकडे वळतात असे म्हणणे त्यांच्यावर अन्याय ठरेल. जिल्हा आयोगाच्या आदेशावर अपील करायचे तर ज्याला पैसे द्यायला सांगितले आहे त्याने निम्मी रक्कम आधी भरावी, अशी नव्या कायद्याची अट आहे. जुन्या कायद्यात निम्मी किंवा २५,००० रुपये, यांतली कमी असेल ती रक्कम पुरे. बिल्डरला कितीही मोठी रक्कम परत करायचा हुकूम झाला तरी पंचवीस हजार भरून अपील दाखल. आता चाळीस लाखांचा हुकूम झाला तर वीस लाख मोजावे लागतात. उच्च न्यायालयात जाताना अशी अट नाही. न्यायमूर्तींच्या मनात आले तर ते रक्कम भरायला सांगतात, पण मनात येण्यासाठी आधी प्रकरण बोर्डावर यावे लागते. तिथे ‘तुम्हाला अपिलाचा मार्ग खुला असताना इकडे कशाला आलात?’ असे विचारले जाईपर्यंत काही महिने जातात. ते महिने कंपनीचे. ग्राहक भलत्या दारी गेला की त्याची मुदत जाते. कंपनी भलत्या दारी गेली की तिला मुदत मिळते. दार तेच, खुळेपणा तोच, फळ मात्र ज्याच्या त्याच्या पात्रतेप्रमाणे.

राष्ट्रीय आयोगाच्या आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयांनी अशा याचिका घेऊ नयेत, कारण कायद्यात अपिलाची सोय आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१२ साली बजावले. यावर रसिकांनी निराश होण्याचे कारण नव्हते. सोय कशावर आहे आणि कशावर नाही, हे कुणीतरी बारकाईने वाचणारच होते. राष्ट्रीय आयोगाने पहिल्यांदा ऐकलेल्या तक्रारीवर अपील आहे. त्याने अपिलात दिलेल्या निकालावर पुढे अपील नाही. मग तिथे काय करायचे? २०२२ साली, ओमॅक्स या बांधकाम कंपनीच्या प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की अशा वेळी अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालयात जाता येते. २०२३ साली, एका विमा कंपनीच्या प्रकरणात, आणखी सांगितले की विशेष अनुमतीच्या नावाखाली थेट आमच्याकडे येऊ नका, आधी उच्च न्यायालयात जा. त्यावर प्रश्न आला, कोणत्या? राष्ट्रीय आयोग दिल्लीत बसतो, म्हणजे दिल्लीच्या? २०२४ साली उत्तर मिळाले: तंटा ज्या राज्यातला, त्या राज्याच्या.

या उत्तराचे सौंदर्य नकाशा समोर घेतल्याशिवाय कळत नाही. आपल्या नाशिककरांची तक्रार नाशिकला. अपील मुंबईला, छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनससमोर राज्य आयोगात. दुसरे अपील दिल्लीला. त्यावर २२७ ची याचिका परत मुंबईला, उच्च न्यायालयात. त्यावर विशेष अनुमती अर्ज पुन्हा दिल्लीला, सर्वोच्च न्यायालयात. राज्य आयोगापासून उच्च न्यायालयापर्यंत फोर्टमधून रमतगमत पंधरा-वीस मिनिटांत चालत जाता येते; कायद्याने जाणाऱ्याला मात्र राजधानी एक्स्प्रेसने जाऊन परत यावे लागते. आणि हे सगळे बरोबर दारांचे वर्णन आहे. सरळमार्गी माणसाचाच इतका प्रवास होतो हे पाहिले की भलत्या दारी जाणाऱ्याला खुळा म्हणायला जीभ धजत नाही. त्यातल्या त्यात सोय अशी की उच्च न्यायालयाची नागपूर, छत्रपती संभाजीनगर आणि गोव्याची खंडपीठे आहेतच, शिवाय कोल्हापूरचे सर्किट बेंचही ऑगस्ट २०२५ पासून सुरू झाले. सांगली-साताऱ्याच्या माणसाला चुकायला आता मुंबई गाठावी लागत नाही.

दारांच्या उंबऱ्यांचीही मजा आहे. जुन्या कायद्यात शेवटी शेवटी वीस लाखांपर्यंत जिल्हा, एक कोटीपर्यंत राज्य, त्यापुढे राष्ट्रीय, अशी विभागणी होती. आणि हिशेबात मालाच्या किमतीबरोबर मागितलेली भरपाईही धरायची. त्यामुळे पन्नास हजारांच्या वस्तूला सव्वा कोटीचा मनस्ताप जोडून थेट दिल्ली गाठता येत असे. नव्या कायद्याने ती हौस काढून घेतली. आता फक्त मोजलेली किंमत बघायची. मर्यादा आधी एक कोटी आणि दहा कोटी केल्या, मग ३० डिसेंबर २०२१ च्या नियमांनी पन्नास लाख आणि दोन कोटी. म्हणजे दीड वर्षात एकाच रकमेची तक्रार वेगवेगळ्या तारखांना वेगवेगळ्या दाराची पाहुणी. मधल्या काळात राष्ट्रीय आयोग जुन्या तक्रारींना खालचे दार दाखवू लागला. तेव्हा मार्च २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाला सांगावे लागले की २० जुलै २०२० पूर्वी जी तक्रार जिथे दाखल झाली ती तिथेच चालेल. पुढे २०२२ साली असेही ठरले की अशा जुन्या तक्रारींवरच्या अपिलांना पैसे भरण्याची अटही जुनीच. तेव्हा आज राज्य आयोगाच्या एकाच बाकावर शेजारी शेजारी बसलेल्या दोघांपैकी एकाने अपिलासाठी वीस लाख भरलेले असतात आणि दुसऱ्याने पंचवीस हजार. दोघांनी एकमेकांना कारण विचारू नये, हे बरे.

आता संसदेचा सत्कार. २००२ साली ग्राहक कायद्यात मोठी दुरुस्ती झाली. तोवर कलम २५ म्हणत असे की आयोगाचा प्रत्येक आदेश दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखा अमलात आणता येईल. दुरुस्तीत त्या जागी ‘अंतरिम आदेश’ पाळला नाही तर न पाळणाऱ्याची मालमत्ता जप्त करता येईल, असे शब्द बसले. म्हणजे खटला चालू असताना दिलेला तात्पुरता हुकूम मोडला तर जप्ती. पण वर्षानुवर्षे चालून लागलेला अंतिम निकाल मोडला तर हे कलम त्याबद्दल मौन. ही दुरुस्ती अमलात आली १५ मार्च २००३ ला. त्या दिवशी जगभर ग्राहक हक्क दिन साजरा होतो.

पैशाची वसुली जिल्हाधिकाऱ्यांमार्फत करण्याची वाट शिल्लक होती आणि हुकूम मोडणाऱ्याला तुरुंगात टाकण्याचे कलमही होते, हे मान्य केले पाहिजे. पण सोसायटीच्या नावावर जमिनीचे खरेदीखत करून द्या, असा हुकूम असेल तर तो जिल्हाधिकारी कसा वसूल करणार? पुण्याच्या पाम ग्रोव्ह्ज सहकारी गृहनिर्माण संस्थेचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले, आणि ऑगस्ट २०२५ मध्ये निकाल लागला की २००३ ते २०२० या काळासाठी कलमातले ते शब्द ‘कोणताही आदेश’ असेच वाचावेत. सतरा वर्षे कायदा जे म्हणत होता ते त्याला म्हणायचे नव्हते, हे तो कायदा रद्द होऊन पाच वर्षे झाल्यावर कळले. ज्यांनी या सतरा वर्षांत अंतिम आदेश हातात घेऊन अंमलबजावणीसाठी हेलपाटे घातले, ते बरोबर दारी उभे होते. दारालाच पत्ता नव्हता. माझ्यासारख्या भलत्या दारांच्या चाहत्यालाही इथे थोडे ओशाळल्यासारखे होते, कारण व्यक्तिगत पातळीवरचा कितीही कसलेला खुळेपणा या उंचीला पोचत नाही.

एवढे फिरून झाल्यावर परत यायची वेळ येते, आणि तिथेही कायदा आईच्या मायेने दिवा लावून बसलेला असतो. मुदत अधिनियम, १९६३ चे कलम १४ म्हणते की माणूस अधिकार नसलेल्या न्यायालयात सद्भावनेने आणि तत्परतेने लढत राहिला असेल, तर तो काळ मुदतीच्या हिशेबातून वगळावा. १९९५ साली लक्ष्मी इंजिनिअरिंग वर्क्सच्या गाजलेल्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने कारखान्यासाठी घेतलेल्या यंत्राची तक्रार ग्राहक म्हणून ऐकली नाही, पण दिवाणी दावा लावायचा असेल तर या कलमाचा फायदा मागता येईल असे सांगून पाठवणी केली. हे कलम दावे आणि अर्जांसाठी. अपिलांना ते जसेच्या तसे लागत नाही, पण भलत्या दारी गेलेला वेळ विलंबाचे ‘पुरेसे कारण’ म्हणून पुढे करता येतो. अट एकच, खुळेपणा प्रामाणिक हवा. मुद्दाम केलेला कायद्याला खपत नाही. इथे नवशिक्यांची पंचाईत होते. ज्या कंपनीच्या विधी विभागाला स्वतंत्र मजला आहे, ती विलंब माफीच्या अर्जात शपथेवर लिहिते की अपील कुठे करावे याची आम्हास कल्पना नव्हती, आणि लिहिताना तिचा हात जराही कापत नाही. नाशिकचे गृहस्थ मात्र, ज्यांना खरोखरच कल्पना नव्हती, ते ‘चूक झाली’ एवढेच लिहितात आणि कारण लिहायचे विसरतात.

शेवटी वकिलांविषयी, कारण या साऱ्या यात्रेत वाट दाखवायला बहुधा तेच असतात. ग्राहकाला वकिलाची सक्ती नाही हे खरे, पण एकट्याच्या बळावर फार तर एखादे दार चुकते. पाच दारे ओळीने चुकवायला व्यावसायिक मदत लागते. आता कुणी कोता मनुष्य विचारील की फी घेऊन वकिलाने भलत्या दारी नेले, ही सेवेतली त्रुटी नव्हे काय, आणि त्याच्याविरुद्ध ग्राहक आयोगात जाता येणार नाही काय? डॉक्टरांविरुद्ध जाता येते, १९९५ पासून. वकिलांविरुद्ध जाता येत नाही. १४ मे २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की वकिली हा वेगळ्या जातीचा व्यवसाय आहे, अशील वकिलाला सूचना देतो, त्याच्यावर त्याचे नियंत्रण असते, आणि म्हणून ही सेवा ग्राहक कायद्याखाली येत नाही. नियंत्रणाचा हा मुद्दा वाचून नाशिकच्या गृहस्थांना नक्कीच बरे वाटेल. वकिलाने निष्काळजीपणा केला असेल तर दिवाणी न्यायालय आहे, गैरवर्तन असेल तर बार कौन्सिल आहे. ही दोन्ही बरोबर दारे असल्याने त्यांची शिफारस मी करू शकत नाही. माझे ऐकाल तर वकिलाविरुद्धची तक्रार सरळ जिल्हा ग्राहक आयोगातच टाका. ती पहिल्याच तारखेला फेटाळली जाईल. त्यावर अपील राज्य आयोगाकडे, पंचेचाळीस दिवस आहेत, चांगला वकील बघा.